जेन ऑस्टिनने बदललेला शेवट

प्रेमकथा लिहिणे सर्वांत सोपे, असा आपल्याकडे एक समज आहे. दोघांची भेट घडवावी, मध्ये एखादा गैरसमज घालावा आणि योगायोगाने तो दूर करावा, की झाली कथा! जेन ऑस्टिनचे चरित्र वाचले की हा समज टिकत नाही.

इंग्लंडमधील हँपशर परगण्यात, स्टीव्हन्टन या खेड्यात १६ डिसेंबर १७७५ रोजी एका धर्मोपदेशकाच्या घरी तिचा जन्म झाला. आठ भावंडांत ती सातवी. १७९७ मध्ये वडिलांनी तिच्या एका कादंबरीविषयी प्रकाशकाला पत्र लिहिले. त्याने हस्तलिखित न पाहताच नकार कळवला. १८०२ साली एका सधन तरुणाने तिला मागणी घातली. तिने होकार दिला आणि दुसऱ्याच दिवशी सकाळी तो मागे घेतला. निर्धन स्त्रीला लग्नावाचून आधार नसण्याचा तो काळ! १८०५ मध्ये वडील वारले आणि मायलेकींना भावांच्या मदतीवर दिवस काढावे लागले. १८११ मध्ये तिची पहिली कादंबरी प्रसिद्ध झाली, तीही लेखिकेच्या नावावाचून.

पैसा, कुळ आणि मनाची भीड प्रेमाच्या आड कशी येतात, हे तिने जवळून पाहिले होते. ‘पर्स्वेशन’ची नायिका ॲन वडीलधाऱ्यांच्या सल्ल्याने एका नौदल अधिकाऱ्याशी ठरलेले लग्न मोडते. आठ वर्षांनी दोघे पुन्हा समोरासमोर येतात. जुलै १८१६ मध्ये जेनने ही कादंबरी पूर्ण केली. नायकाचा मेहुणा त्याला एक निरोप देऊन ॲनकडे पाठवतो आणि त्या बोलण्यातून गैरसमज फिटतो, असा तो शेवट होता.

प्रकृती ढासळत असूनही जेनला तो पटेना. तिने तो रद्द करून ऑगस्टमध्ये नवा लिहिला. आता ॲन नायकाच्या मित्राशी स्त्रीच्या निष्ठेविषयी बोलते. शेजारी लिहीत बसलेला नायक ते ऐकतो आणि तिथेच तिला पत्र लिहून मन मोकळे करतो. जे काम आधी तिऱ्हाइताच्या निरोपाने झाले होते, ते आता दोघांनी आपल्या धैर्याने केले. वाचकाच्या काळजाला हात घालते ते हेच धैर्य.

१८ जुलै १८१७ रोजी, वयाच्या अवघ्या ४१ व्या वर्षी, विंचेस्टर येथे ती वारली. त्या डिसेंबरात कादंबरी प्रसिद्ध झाली. रद्द केलेली पाने आजही ब्रिटिश लायब्ररीत आहेत. आपल्यातील होतकरू कथालेखकांनी आपल्या कथेचा शेवट त्या पानांशी एकदा ताडून पाहावा.