मालाडच्या स्टुडिओतला जर्मन कॅमेरामन : जोसेफ विर्शिंग

डहाणू : डहाणू लोकलने मुंबईकडे निघालं की बोरिवलीनंतर कांदिवली आणि मग मालाड येतं. याच मालाडला एका जर्मन माणसाने हिंदी सिनेमाला सावली-उजेडाचा खेळ शिकवला. त्यांचं नाव जोसेफ विर्शिंग.

विर्शिंग यांचा जन्म १९०३ चा, जर्मनीतल्या म्युनिक शहरातला. तिथल्याच एमेल्का फिल्म कंपनीत ते काम करू लागले. १९२५ मध्ये गौतम बुद्धांच्या जीवनावरच्या 'प्रेम संन्यास' या मूकपटासाठी दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन यांच्यासोबत ते पहिल्यांदा भारतात आले.

पुढे १९३४ मध्ये हिमांशू राय आणि देविका राणी यांनी मालाडला बॉम्बे टॉकीज उभी केली आणि कॅमेरा विर्शिंग यांच्या हाती दिला. १९३६ चा 'अछूत कन्या' त्यांनीच टिपला. रेल्वे फाटकवाल्याची दलित मुलगी आणि ब्राह्मण मुलगा यांच्या प्रेमाची ती गोष्ट. अशोक कुमार आणि देविका राणी यांची जोडी त्यातून घराघरात पोचली. स्टुडिओत उभं केलेलं गावसुद्धा त्यांच्या दिव्यांमुळे खरं वाटायचं.

पण १९३९ ला दुसरं महायुद्ध पेटलं. जर्मन म्हणजे शत्रू, असं धरून इंग्रज सरकारने त्यांना शूटिंगच्या कामावरून उचललं आणि छावणीत डांबलं. ऐन उमेदीची वर्षं तारेच्या कुंपणाआड गेली. इकडे त्यांच्या हाताखाली तयार झालेल्या आर. डी. परींजा यांनी १९४३ चा गाजलेला 'किस्मत' टिपला. गुरू आत होता, पण त्याची विद्या बाहेर चालू होती.

सुटल्यावर विर्शिंग इथेच राहिले आणि पुन्हा कॅमेऱ्यामागे उभे राहिले. १९४९ चा 'महल' हे त्यांचंच काम. जुना वाडा, काळोख आणि मधेच दिसणारी मधुबाला. अंगावर काटा आणणारा तो अंधार त्यांनी दिव्यांनी घडवला होता. नंतर कमाल अमरोही यांनी 'पाकीझा'ची जबाबदारी त्यांच्यावर टाकली. रंगीत सिनेमातही त्यांचा हात तितकाच बसला.

'पाकीझा' मात्र वर्षानुवर्षं रखडला. १९६७ मध्ये विर्शिंग यांचं निधन झालं. राहिलेलं काम दुसऱ्या कॅमेरामननी पुरं केलं आणि १९७२ मध्ये सिनेमा पडद्यावर आला. त्यांना तो पाहायला मिळाला नाही. मोबाईलवर तो आज कुणालाही पाहता येतो.