वाल्देमार हाफकिन : चरित्र आणि एक उरलेला प्रश्न



मुंबईहून नागपूरकडे जाणाऱ्या लोहमार्गावर भुसावळ मागे पडले की मलकापूर येते आणि त्यानंतर नांदुरा. तुमच्यापैकी काहींचा या स्थानकाशी रोजचा संबंध असेल. १८६७ मध्ये हा मार्ग नागपुरापर्यंत पोहोचला आणि वऱ्हाडचा कापूस याच रुळांवरून मुंबईकडे जाऊ लागला. परतीच्या गाड्यांनी कापड आणले, मीठ आणले, वर्तमानपत्रे आणली. आणि एकोणिसावे शतक संपता संपता याच वाटेने प्लेगही आत शिरला. घरात उंदीर पडू लागले की दाराला कुलूप घालायचे, चूलबोळके उचलायचे आणि रानात झोपडी बांधून राहायचे, असा तो काळ होता. गाठीचा रोग हे नाव तेव्हा मोठ्याने कोणी उच्चारीत नसे.

या रोगावर पहिली परिणामकारक लस मुंबईत तयार झाली आणि ती तयार करणारा माणूस डॉक्टर नव्हता, इंग्रज नव्हता, हिंदीही नव्हता. वाल्देमार हाफकिन यांचे चरित्र आपण येथे अभ्यासणार आहोत. थोरांची चरित्रे वाचताना आपण चरित्रनायकाच्या पाठीमागून चालत जातो आणि त्याला जे दिसले तेवढेच पाहतो. या चरित्रात मात्र तुम्ही अधूनमधून थांबून बाजूला पाहावे, अशी अपेक्षा आहे. तेथे काही माणसे उभी आहेत. त्यांची नावे पुस्तकांत येत नाहीत. फक्त आकडे येतात.

हाफकिन यांचा जन्म १५ मार्च १८६० रोजी काळ्या समुद्राकाठच्या ओदेसा या शहरात झाला. हे शहर तेव्हा रशियन साम्राज्यात होते आणि हाफकिन यांचे कुटुंब ज्यू होते. या दोन गोष्टी एकत्र आल्या की काय होते, हे त्यांना तरुणपणीच कळले. ओदेशात ज्यूंच्या वस्त्यांवर हल्ले झाले तेव्हा बचावासाठी उभ्या राहिलेल्या तरुणांत ते होते. त्यापायी त्यांना अटकही झाली. विद्यापीठात त्यांना गुरू लाभले ते इल्या मेचनिकॉव्ह. पुढे नोबेल पारितोषिक मिळवणाऱ्या या जीवशास्त्रज्ञाने आपल्या शिष्यासाठी रदबदली केली. प्राध्यापकपदाची वाट मात्र धर्म बदलल्याशिवाय मोकळी होणार नव्हती आणि हाफकिन यांनी तो बदलला नाही. १८८८ मध्ये त्यांनी देश सोडला. जिनिव्हात काही काळ शिकवून ते पुढच्या वर्षी पॅरिसच्या पाश्चर संस्थेत आले. तेथे जागा होती ती ग्रंथालयातल्या साहाय्यकाची. ती त्यांनी घेतली आणि उरलेल्या वेळात सूक्ष्मजंतूंवर काम सुरू केले.

पटकीची लस त्यांनी तेथेच तयार केली. प्राण्यांवरचे प्रयोग संपल्यावर १८ जुलै १८९२ रोजी त्यांनी ती स्वतःला टोचून घेतली. ताप आला, अंग दुखले आणि काही दिवसांत सारे ओसरले. या प्रसंगाचे वर्णन शौर्यकथा म्हणून केले जाते आणि ते चुकीचेही नाही. तरी एक फरक ध्यानात ठेवा. स्वतःवर प्रयोग करणाऱ्याला कुपीत काय आहे ते ठाऊक असते, धोक्याचा अंदाज असतो आणि वाटेल तेव्हा थांबण्याची मुभाही असते. त्यानंतर ज्यांच्या दंडात सुई जाते, त्यांच्याजवळ यांपैकी काय असते?

लसीची खरी परीक्षा पटकीच्या घरात, म्हणजे हिंदुस्थानात, व्हायची होती. पूर्वी व्हाइसरॉय असलेले लॉर्ड डफरिन त्या वेळी पॅरिसमध्ये ब्रिटिश राजदूत होते. त्यांच्या साहाय्याने हाफकिन १८९३ मध्ये कलकत्त्याला पोहोचले. पुढच्या दोन-अडीच वर्षांत त्यांनी सुमारे ४२,००० लोकांना लस टोचली. यांत सैनिक होते, कैदी होते, आसामच्या मळ्यांतले मजूर होते आणि कलकत्त्याच्या वस्त्यांतले गरीब लोक होते. १८९४ च्या मार्चमध्ये कट्टल बागान या वस्तीत दोनेकशे रहिवाशांपैकी ११६ जणांनी लस घेतली. त्यानंतर तेथे पटकीने जे गाठले, ते न टोचलेल्यांना.

टोचून निघून जाणे हाफकिन यांना पुरेसे वाटत नव्हते. लस किती दिवस टिकते, कोणाला टिकते, हे कळायला टोचलेल्या आणि न टोचलेल्या माणसांवर दीर्घकाळ नजर ठेवावी लागते. कलकत्त्यात अशी घरे वर्षानुवर्षे पाहिली गेली आणि लसीचे संरक्षण काही काळाने ओसरते, हेही त्यातूनच उमगले. वैद्यकातील दीर्घकालीन निरीक्षणाची ही फार महत्त्वाची पायरी होय. परंतु ज्या घराच्या उंबऱ्याशी नोंदवही घेऊन माणूस पुन्हा पुन्हा येतो, त्या घराशी त्याचे काही नाते जडते की नाही? घरातले मूल आजारी पडले तर तो केवळ नोंद करील, की औषधही आणील? त्या काळी हा प्रश्न कोणी लिहून ठेवला नव्हता.

१८९६ च्या सप्टेंबरमध्ये मुंबईच्या मांडवी भागात प्लेगचे निदान झाले. सरकारच्या सांगण्यावरून हाफकिन ऑक्टोबरमध्ये मुंबईत आले. ग्रँट मेडिकल कॉलेजात त्यांना मिळाली ती एक खोली व व्हरांडा आणि मदतीला एक कारकून व तीन शिपाई. तीन महिन्यांत लस तयार झाली. १० जानेवारी १८९७ रोजी त्यांनी ती पुन्हा प्रथम स्वतःच घेतली आणि तीही पुढे लोकांना द्यायच्या मात्रेहून कितीतरी मोठ्या मात्रेत.

महिना संपायच्या आत भायखळ्याच्या तुरुंगात प्लेग शिरला. तेथील कैद्यांपैकी जवळजवळ निम्मे लस घ्यायला पुढे आले. बाकीचे तसेच राहिले. दोन्ही गटांचे अन्न एक, कोठड्या एक, काम एक. पुढच्या दिवसांत न टोचलेल्यांपैकी १२ जणांना प्लेग झाला आणि ६ दगावले. टोचलेल्यांपैकी दोघांना झाला. मृत्यू एकही नाही. हा निकाल लखलखीत होता. तो मिळाला, कारण तुरुंगात माणसे एकसारखी ठेवलेली असतात आणि जाऊ शकत नाहीत. प्रयोगाला जी सोय वाटते, तीच संमतीला अडचण असते. ते कैदी स्वखुशीने पुढे आले, असे सगळीकडे नमूद आहे. चार भिंतींच्या आत, साहेबासमोर, प्लेगच्या भीतीने घेरलेल्या माणसाची खुशी किती खुली असेल, याचा विचार तुम्हीच करा.

याच सुमाराचे पुणे तुम्हाला इतिहासातून परिचित आहे. १० मार्च १८९७ रोजी प्लेगच्या रुग्णांची सेवा करताना सावित्रीबाई फुले यांचा अंत झाला. रँडच्या अंमलाखाली गोऱ्या सोजिरांनी घरे तपासली, देवघरापर्यंत पाय नेले आणि जूनमध्ये चापेकर बंधूंनी रँडवर गोळी झाडली. सरकारी आरोग्यव्यवस्था आणि जुलूम हे दोन शब्द लोकांच्या मनात एक झाले होते. अशा वेळी सरकारच्या माणसाने आणलेली सुई कोण विश्वासाने घेणार? हाफकिन सक्तीच्या बाजूचे नव्हते. लस मागणाऱ्याला द्यावी, हीच त्यांची रीत. आगाखान यांनी लोकांसमोर स्वतः टोचून घेतले आणि खोजा समाजातील हजारो लोक त्यांच्यामागून आले. हुकूम जेथे हरला, तेथे हा विश्वास जिंकला.

आता आपण या चरित्रातील सर्वांत अवघड जागेशी येतो. ते बडोदे संस्थानातले उंधेरा नावाचे गाव होय.

भायखळ्याच्या निकालावर जाणकारांची एक रास्त शंका होती. जे स्वतःहून पुढे येतात ते मुळातच अधिक सावध, अधिक सुदृढ असतील, तर श्रेय लसीचे कसे मानावे? जानेवारी १८९८ मध्ये उमरखाडीच्या तुरुंगातही लसीचा असाच गुण दिसला होता. तरी शंका फिटली नव्हती. फेब्रुवारीत उंधेऱ्यात प्लेग असताना हाफकिन तेथे गेले. त्यांनी घरोघरची माणसे समोर बोलावली आणि प्रत्येक कुटुंबाचे वय, लिंग, प्रकृती पाहून शक्य तितके सारखे दोन भाग केले. एका भागाला लस टोचली. दुसऱ्याला टोचली नाही. एकच छप्पर, एकच चूल, एकच पाणी. निम्मे घर संरक्षित, निम्मे उघडे.

काही आठवड्यांनी सरकारी वैद्यकीय अधिकाऱ्यांनी गावात जाऊन तपासणी केली. लस टोचल्यानंतर २८ कुटुंबांत प्लेग झाला होता. त्या कुटुंबांतील टोचलेल्या ७१ जणांपैकी ८ आजारी पडले आणि ३ मरण पावले. न टोचलेल्या ६४ जणांपैकी २७ आजारी पडले आणि २६ मरण पावले.

हे आकडे पुन्हा एकदा वाचा. संशोधनाच्या दृष्टीने याहून स्वच्छ पुरावा त्या काळात क्वचितच कोणी दिला असेल. त्याच पुराव्याच्या जोरावर लस सर्वत्र गेली आणि पुढे असंख्य जीव वाचले. हे नाकारणे अप्रामाणिकपणाचे ठरेल. परंतु कुपी हाताशी होती आणि ती गुणकारी असल्याची साक्ष दोन तुरुंगांनी दिलेली होती. लस ज्याने बनवली, त्याचा तिच्यावर विश्वास नव्हता असे कोण म्हणेल? जगाचा बसावा म्हणून त्याने ती ६४ माणसे आपल्या विश्वासाबाहेर ठेवली. माझ्या मते हाफकिन येथे क्रूर नव्हते. ते घाईत होते आणि एकटे होते. लस सिद्ध झाली नाही तर सरकार ती बाजूला सारील, ही भीती खोटी नव्हती. तरीही, आपल्याला का वगळले हे त्या निम्म्या घरांना कोणी समजावले होते का, हा प्रश्न उरतोच.

तो उंधेऱ्यापाशी संपलाही नाही. अमेरिकेतील टस्कीगी येथे १९३२ पासून ४० वर्षे शेकडो कृष्णवर्णीय पुरुषांचा उपदंश निव्वळ निरीक्षणासाठी उपचाराविना ठेवला गेला, पेनिसिलिन आल्यावरही. ते कृत्य आणि उंधेरा यांना एका मापाने मोजता येणार नाही. तेथे उघड फसवणूक होती. आपल्या धाराशिव जिल्ह्यात १९९९ पासून गर्भाशयमुखाच्या कर्करोगाच्या तपासणीचा दीर्घ अभ्यास झाला. त्यात १,३१,००० हून अधिक स्त्रिया होत्या आणि तुलनेसाठीच्या गटातील स्त्रियांची तपासणी होत नव्हती. त्या अभ्यासातून गरीब देशांना उपयोगी ज्ञान मिळाले आणि त्याच तुलनागटावरून जाणकारांत तीव्र वादही झाला. दुसऱ्या महायुद्धानंतर न्यूरेंबर्गचे नियम आले, १९६४ मध्ये हेलसिंकीची घोषणा आली, भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेनेही १९८० मध्ये आपली तत्त्वे मांडली. उंधेऱ्याच्या वेळी यांतले काहीच नव्हते.

पुन्हा चरित्राकडे वळू. १८९९ मध्ये परळच्या जुन्या गव्हर्नमेंट हाउसात हाफकिन यांची प्लेग प्रयोगशाळा थाटली गेली. मानसन्मान आले. १९०२ साली पंजाब सरकारने लसीकरणाची प्रचंड मोहीम आखली आणि ३० ऑक्टोबरला मुल्कोवाल या गावी १०७ जणांना लस टोचण्यात आली. त्यांपैकी एका कुपीतून ज्या १९ जणांना लस मिळाली, ते सर्वच्या सर्व धनुर्वाताने मेले.

दोष परळच्या प्रयोगशाळेवर ठेवण्यात आला. हाफकिन यांना पदावरून दूर केले गेले आणि ते हिंदुस्थान सोडून गेले. वस्तुतः कुपी उघडताना साहाय्यकाच्या हातून चिमटा जमिनीवर पडला होता आणि तो नीट निर्जंतुक न करता वापरला गेला होता. कुपीत धनुर्वाताचे जंतू आधीपासून वाढत असते, तर उघडताच दुर्गंधी आली असती. ती आली नव्हती. ही साक्ष चौकशीत असूनही तिला वजन दिले गेले नाही. रोनाल्ड रॉस यांच्यासारख्या शास्त्रज्ञांनी लंडनच्या वर्तमानपत्रांतून झुंज दिली, तेव्हा कुठे १९०७ च्या अखेरीस हाफकिन निर्दोष ठरले. मुंबई त्यांना परत मिळाली नाही. कलकत्त्याच्या प्रयोगशाळेत नेमणूक झाली. माणसांवरील चाचण्या मात्र त्यांच्या हाती राहिल्या नाहीत. १९१४ मध्ये ते निवृत्त झाले.

हाफकिन यांच्यावरील अन्यायाची हळहळ सर्व चरित्रकारांनी व्यक्त केली आहे आणि ती योग्यच आहे. पण पाच वर्षे चाललेल्या त्या साऱ्या वादात विषय होता तो एका शास्त्रज्ञाच्या नावाचा. मुल्कोवालच्या १९ घरांचे काय झाले, हा त्या वादाचा विषय नव्हता.

उत्तरायुष्यात हाफकिन आपल्या धर्माकडे अधिक वळले. ते अविवाहित राहिले आणि आपली संपत्ती त्यांनी ज्यू धर्मशिक्षणासाठी ठेवली. १९२५ मध्ये परळच्या प्रयोगशाळेला हाफकिन संस्था हे नाव मिळाले. २६ ऑक्टोबर १९३० रोजी स्वित्झर्लंडमधील लोझान येथे त्यांचे निधन झाले.

पुढच्या पाठाकडे जाण्यापूर्वी एक उपक्रम करा. नांदुऱ्यात असा, खामगावात असा किंवा आणखी कोठे; एका कागदावर आपल्या घरातील सर्व माणसांची नावे आणि वये लिहा. आजी, आजोबा, पाळण्यातले मूल, कोणीही सोडू नका. मग वय, लिंग आणि प्रकृती पाहून त्यांचे शक्य तितके सारखे दोन भाग करा आणि मधोमध एक रेघ ओढा.