कन्फ्यूशियसच्या कसोटीवर डॉ. कोटणीस

कन्फ्यूशियसच्या (इ. स. पूर्व ५५१ ते ४७९) नीतिविचारात शिरताना आपल्यासारख्या व्याख्या पाठ करणाऱ्यांची थोडी पंचाईत होते. सद्गुण म्हणजे काय, असे शिष्यांनी विचारले की तो व्याख्या देत नाही. एकाला एक उत्तर देतो, दुसऱ्याला दुसरे, आणि पुष्कळदा सरळ माणसाकडे बोट दाखवतो. कधी याव आणि शुन हे प्राचीन राजे, तर कधी पडक्या गल्लीत मूठभर भातावर आनंदाने राहणारा त्याचा लाडका शिष्य येन हुई. चांगला माणूस पाहावा, त्याच्या तोडीचे होण्याची खटपट करावी, आणि तसे करता करता आपण कोणाला तरी पाहण्याजोगे व्हावे, अशी ही शाळा. आपल्याकडच्या संतसंगतीच्या कल्पनेपासून ती फार दूर नाही. तत्त्वज्ञानाच्या तासाला हे ऐकत असताना माझ्या मनात सारखे एका सोलापूरच्या माणसाचे नाव घोळत होते.

डॉ. द्वारकानाथ शांताराम कोटणीस यांचा जन्म १० ऑक्टोबर १९१० रोजी सोलापुरात झाला. घर मध्यमवर्गीय, भावंडे पुष्कळ. मुंबईच्या सेठ गोरधनदास सुंदरदास वैद्यकीय महाविद्यालयातून ते डॉक्टर झाले आणि पुढील शिक्षणाच्या तयारीला लागले. इथपर्यंतचे चरित्र त्या काळच्या कोणाही हुशार मुलाचे आहे. त्यात रेंगाळण्याचे कारण नाही.

१९३७ मध्ये जपानने चीनवर आक्रमण केले. चिनी सेनानी चू तेह यांनी पंडित नेहरूंकडे डॉक्टरांची मागणी केली. काँग्रेसचे अध्यक्ष सुभाषचंद्र बोस यांनी १९३८ मध्ये देशाला आवाहन केले, २२ हजार रुपयांचा निधी जमला आणि पाच डॉक्टरांचे पथक ठरले. अलाहाबादचे डॉ. अटल प्रमुख, कलकत्त्याचे डॉ. बसू व डॉ. मुखर्जी, नागपूरचे डॉ. चोळकर आणि सर्वांत नवखे म्हणावे असे आमचे कोटणीस. वडिलांनी अडवले नाही. सप्टेंबर १९३८ मध्ये पथक मुंबईहून बोटीने निघाले. आई-वडील हयात असताना मुलाने फार दूर जाऊ नये, जायचेच तर कुठे जातो ते निश्चित असावे, असा कन्फ्यूशियसचा दंडक आहे. कोटणीसांनी तो बहुधा ऐकलाही नसेल, पण ठिकाण मात्र निश्चित होते.

खरी कसोटी पुढे लागली. पथक कँटन, हँकौ करीत चुंगकिंगला पोचले. तेथे चिनी मित्रांनी पाचही जणांच्या नावांना चीन या अर्थाचे ‘हुआ’ हे अक्षर जोडून चिनी नावे दिली. कोटणीस झाले ‘के दीहुआ’. येनानला जाण्याची वाट पाहत असतानाच सोलापूरहून वडील वारल्याची बातमी आली. सोबत्यांनी घरी परतण्याचा सल्ला दिला. कोटणीस परतले नाहीत.

वाचकहो, येथे मला थांबावेसे वाटते. कारण ज्या देशात हे घडले, त्या देशाच्या नीतीचा पायाच पितृभक्ती हा आहे. बाप गेला की मुलाने तीन वर्षे सुतक पाळायचे. जाडेभरडे कपडे, पेजेसारखे अन्न, घराबाहेर गवताच्या अंथरुणावर निजणे. त्साय वो नावाच्या शिष्याने एकदा वाद घातला की तीन वर्षे फार होतात, एक वर्ष पुरे. कन्फ्यूशियसने त्याला नियम वाचून दाखवला नाही. बाप गेल्यावर वर्षभरात उंची भात आणि रेशमी वस्त्र तुला गोड लागेल का, एवढेच विचारले. शिष्य म्हणाला, लागेल. मग तसे कर, असे सांगून गुरूने त्याला वाटेला लावले आणि तो गेल्यावर त्याच्या कोरडेपणाबद्दल खेद केला. म्हणजे कसोटी दिवसांच्या हिशेबाची नाही, आतल्या अस्वस्थतेची आहे.

हा प्रश्न मला ग्रंथातला वाटत नाही. आमच्या भोसरीच्या आळीत निम्मी घरे सोलापूर, बीड, धाराशिवकडची. चाकणला कंत्राटावर लागलेली मुले आई-वडिलांना गावी ठेवूनच आलेली असतात. माझे वडीलही माढ्याकडून आले. आजोबा गेल्याचा निरोप त्यांना रात्रपाळीत मिळाला आणि ते पोचेपर्यंत अग्नी देऊन झाला होता. त्याविषयी ते घरात कधी बोलत नाहीत. पोटासाठी दूर राहिलेल्याला आपण समजून घेतो. परक्यांसाठी दूर राहिलेल्याला काय म्हणायचे?

माझे मत असे, की कोटणीसांनी पुढे काय केले हे पाहिल्याशिवाय याचा निवाडा होत नाही. फेब्रुवारी १९३९ मध्ये पथक येनानला पोचले. तिथली राहणी म्हणजे डोंगरात खोदलेल्या गुहा, राळ्याची पेज आणि जाडेभरडे सुती कपडे. सुतकातल्या मुलाला सांगितलेली राहणी ती हीच! अर्थात तेथे सगळेच असे राहत होते आणि कोटणीसांच्या मनात सुतक होते असा दावा मी करीत नाही. पण त्साय वोसारखी उंची भाताची ओढ त्यांना नव्हती, एवढे खरे. चोळकर आणि मुखर्जी प्रकृतीमुळे १९३९ मध्येच परतले, अटलही पुढे परतले. (परतलेल्यांना उणे लेखण्याची आपली सवय बरी नव्हे, चोळकर वयाने बरेच वडील होते आणि तरी गेले होते.) कोटणीस आणि बसू आघाडीकडे सरकले.

जपानी फळीच्या मागे, शान्सी आणि होपेच्या डोंगराळ मुलखात, नॉर्मन बेथ्यून हा कॅनडाचा शल्यविशारद काम करीत असे. शस्त्रक्रियेत बोटाला जखम होऊन, रक्तात विष भिनून तो नोव्हेंबर १९३९ मध्ये वारला. कोटणीसांची आणि त्याची भेट झाली नाही. १९४० मध्ये ते त्याच्या समाधीपाशी उभे राहिले, आणि त्यानंतर त्यांनी तो मुलूख सोडला नाही. चांगला माणूस पाहावा आणि त्याच्या तोडीचे व्हावे, ही ती जुनी शाळा. येथे तर पाहायला माणूसही उरला नव्हता, त्याचे अर्धे राहिलेले काम तेवढे होते. त्याच वर्षी एका लढाईत त्यांनी ७२ तास न झोपता शस्त्रक्रिया केल्या आणि आठशेहून अधिक जखमींवर उपचार केले. जानेवारी १९४१ मध्ये बेथ्यूनच्या नावाने चालणाऱ्या आंतरराष्ट्रीय शांतता रुग्णालयाचे ते संचालक झाले.

रुग्णालय म्हटले की आपल्या डोळ्यांसमोर इमारत येते. हे रुग्णालय खेड्यांतल्या घरांत भरे आणि शत्रू आला की गाढवांवर, खांद्यांवर उठून दुसऱ्या खेड्यात जाई. आपल्या पिंपरीत १९५४ साली हिंदुस्थान अँटिबायोटिक्सचा कारखाना उभा राहिला आणि पेनिसिलीन देशात तयार होऊ लागले. कोटणीसांच्या हाती त्यातले काही नव्हते. गरम पाणी, चाकू, आणि हाताखाली शिकणारी खेडवळ मुले. या मुलांना शिकवता यावे म्हणून ते चिनी बोलायला आणि लिहायला शिकले आणि त्यांच्यासाठी चिनी भाषेत शस्त्रक्रियेचे पाठ्यपुस्तक लिहू लागले. मला त्यांच्या चरित्रातला हा भाग ७२ तासांपेक्षाही मोठा वाटतो. तीन दिवस जागणे हे एका प्रसंगाचे शौर्य. परक्या लिपीत रोज रात्री धडा लिहिणे याला स्वभाव घडावा लागतो. कन्फ्यूशियसला सद्गुण म्हणून अभिप्रेत होता तो हाच रोजचा सराव.

१९४१ च्या अखेरीस त्यांनी तेथल्याच परिचर्या शिकवणाऱ्या कुओ चिंगलान यांच्याशी विवाह केला. ऑगस्ट १९४२ मध्ये मुलगा झाला. त्याचे नाव यिनहुआ. ‘यिन’ म्हणजे भारत, ‘हुआ’ म्हणजे चीन.

आता त्यांच्या विरुद्धची बाजूही मांडली पाहिजे. त्यांना अपस्माराचे झटके येऊ लागले होते. उपचारासाठी दुसरीकडे जा, असे वरिष्ठांनी सुचवले. ते गेले नाहीत. शरीर हे आई-वडिलांनी दिलेले, त्याला इजा होऊ न देणे ही पितृभक्तीची पहिली पायरी, असे कन्फ्यूशियसच्या परंपरेतला पितृभक्तीवरचा छोटा ग्रंथ सांगतो. या कलमाखाली कोटणीस नापास होतात, आणि ते लपवण्यात अर्थ नाही. ९ डिसेंबर १९४२ रोजी, वयाच्या बत्तिसाव्या वर्षी, होपे प्रांतातल्या एका खेड्यात ते वारले. पाठ्यपुस्तक अपुरे राहिले. यिनहुआ चार महिन्यांचाही नव्हता. सोलापूरच्या माणसांनी आपला मुलगा १९३८ नंतर पुन्हा पाहिला नाही. येन हुई असाच तरुणपणी गेला, तेव्हा संयमाचा एवढा पुरस्कार करणारा कन्फ्यूशियस इतका रडला की शिष्यांना ते प्रमाणाबाहेर वाटले. अशा माणसासाठी नाही तर कोणासाठी रडायचे, असा त्याचा उलट प्रश्न होता.

व्ही. शांताराम यांच्या १९४६ च्या चित्रपटामुळे कोटणीस आपल्या घराघरांत पोचले, पण चित्रपटाने ते थोडे गुळगुळीतही झाले. चीनमध्ये त्यांचे काय झाले, हे अधिक विचार करण्याजोगे आहे. १९७४ च्या सुमारास त्या देशात कन्फ्यूशियसविरुद्ध मोठी मोहीम चालू होती; त्याचे नाव जुन्या जगाचे जोखड म्हणून घेतले जाई. आणि १९७६ मध्ये शिच्याच्वांग शहरात कोटणीसांचा पुतळा उभारला गेला. गुरूला हाकलले, पण माणसाकडे बोट दाखवून शिकवण्याची त्याची रीत काही सुटली नाही. त्या शहरात कोटणीसांच्या नावाची वैद्यकीय शाळा आहे आणि तेथे नवीन विद्यार्थी त्यांच्या पुतळ्यासमोर शपथ घेतात.

यिनहुआ वैद्यकाचेच शिक्षण घेत होता. १९६७ मध्ये, वयाची पंचविशी गाठण्याच्या आतबाहेर, तोही वारला. कुओ चिंगलान नंतरच्या काळात भारतात येऊन कोटणीस कुटुंबाला भेटून गेल्या आणि २०१२ मध्ये निवर्तल्या. चीनमध्ये वसंत ऋतूत, एप्रिलच्या आरंभी, पूर्वजांच्या थडग्यांची झाडलोट करण्याचा दिवस येतो. ते काम मुलाचे, मुलगा नसेल तर नातवाचे. शिच्याच्वांगच्या हुतात्मा स्मारकात कोटणीसांच्या समाधीवर फुले ठेवणाऱ्यांत त्यांचा मुलगा नसतो.