पाखरांची खरी ओळख

पशुपक्ष्यांची पहिली ओळख आपणांस बहुधा चित्रांतून व गोष्टींतून होते. तेथे कोल्हा नेहमी लबाड, तर घुबड सदा अशुभ! माणसाने चढविलेले असे मुखवटे दूर सारून पाखरांचे खरे जीवन लोकांपुढे मांडण्याचे कार्य डॉ. सलीम अली यांनी केले.

त्यांचा जन्म १२ नोव्हेंबर १८९६ रोजी मुंबईस झाला. आईबापांचे छत्र लवकरच हरपल्यामुळे मामा अमिरुद्दीन तय्यबजी यांनी त्यांस वाढविले. बालपणी त्यांनी छऱ्यांच्या बंदुकीने एक चिमणी पाडली. तिच्या गळ्यावर पिवळा ठिपका होता. ती कोणती, हे विचारण्यास ते बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीत गेले. चिटणीस मिलर्ड यांनी तिची जात सांगितली व पेंढा भरून ठेवलेले अनेक पक्षी दाखविले. त्या दिवशी शिकारी मुलाच्या मनात जिज्ञासा जागी झाली.

१९२६ साली मुंबईच्या वस्तुसंग्रहालयात प्रेक्षकांना प्राण्यांची माहिती सांगण्याचे काम त्यांस मिळाले. पुढे बर्लिनला पक्षिशास्त्राचा अभ्यास करून ते १९३० मध्ये परतले, तो पैशाअभावी ती जागाच रद्द झालेली! चरितार्थाचा प्रश्न उभा राहिला. तथापि हताश न होता ते पत्नी तेहमिना यांच्यासह अलिबागजवळील किहीम गावी जाऊन राहिले. तेथे तासन्‌तास बसून त्यांनी सुगरण पक्ष्याचे निरीक्षण केले. सुगरण म्हटले की घरटे विणणारी माता आपल्या डोळ्यांपुढे येते. वस्तुतः घरटे विणतो तो नर! मादी अर्धवट विणलेली घरटी पारखून त्यांतील एक निवडते. मग नर ते पुरे करतो आणि दुसरे विणावयास घेतो.

हे ज्ञान त्यांनी विद्वानांपुरते ठेवले नाही. १९४१ मध्ये भारतीय पक्ष्यांवरील त्यांचे रंगीत चित्रांचे पुस्तक प्रसिद्ध झाले. नभोवाणीवरूनही ते सामान्य श्रोत्यांशी पक्ष्यांविषयी बोलत. १९८७ साली त्यांचे निधन झाले.

चित्रपटांत गिधाड आजही मरणाची खूण म्हणून दाखवितात. वास्तविक मेलेली जनावरे खाऊन ते परिसर स्वच्छ ठेवते. किहीमप्रमाणेच रायगड जिल्ह्यात असलेल्या म्हसळ्याजवळच्या चिरगावी हीच गिधाडे उंच वृक्षांवर घरटी बांधतात आणि त्यांच्या रक्षणास ग्रामस्थांनी हात दिला आहे. ज्याची खरी ओळख पटते, त्याला राखावेसे वाटते. सलीम अलींच्या जीवनाचा हाच बोध होय.