अधिकचे चिन्ह आणि गुन्पेई योकोई

टीव्हीला जोडावयाच्या गेमच्या काळात ज्यांचे बालपण गेले, त्यांच्या डाव्या हाताच्या अंगठ्याला एक आकार कायमचा पाठ झालेला असतो. गुलमंडी-औरंगपुऱ्याच्या एखाद्या दुकानातून दिवाळीत घरी आलेला तो प्लास्टिकचा डबा आठवावा. वरच्या खाचेत पिवळी किंवा काळी कॅसेट बसवायची, चालली नाही तर काढून तिच्यात फुंकर मारायची, आणि वायरीला लोंबणाऱ्या दोन रिमोटांपैकी चांगला आपल्याकडे ओढून घ्यायचा. त्या रिमोटवर उजवीकडे गोल बटणे असत आणि डावीकडे काळे अधिकचे चिन्ह. डब्यावर नाव कोणतेही छापलेले असो, चिन्ह तेच. त्याला कोणी कर्ता असेल असे आपल्या मनातही येत नसे. सुपाचा आणि उखळाचा कर्ता कोण, असे तरी आपण कुठे विचारतो?

या चिन्हाला मात्र कर्ता होता. त्याचे नाव गुन्पेई योकोई. त्यांना जाऊन पंचवीसहून अधिक वर्षे लोटली. गेमच्या जगात हे नाव आदराने घेतले जाते. आपल्याकडे ज्यांचे अंगठे त्यांनी घडविले त्यांतील फारच थोड्यांना ते ठाऊक असावे.

योकोई यांचा जन्म १० सप्टेंबर १९४१ रोजी जपानमधील क्योतो शहरी झाला. तेथील दोशिशा विद्यापीठातून त्यांनी विद्युत अभियांत्रिकीची पदवी घेतली आणि १९६५ मध्ये ते निन्टेन्डो या कंपनीत नोकरीस लागले. आज हे नाव ऐकताच संगणकयुग डोळ्यांपुढे येते. परंतु १८८९ मध्ये स्थापन झालेली ही कंपनी त्या काळी मुख्यत्वे पत्ते बनवीत असे. हानाफुदा नावाचे फुलांच्या चित्रांचे जपानी पत्ते हा तिचा मूळ धंदा. पत्ते छापणारी आणि कापणारी यंत्रे नीट चालतात की नाही हे पाहणे, एवढेच योकोईंचे काम. पदवीधर अभियंत्याला ते काम पुरणारे नव्हते, आणि रिकामा वेळ भरपूर होता.

त्या रिकाम्या वेळात त्यांनी स्वतःच्या करमणुकीसाठी एक लांबणारा हात बनविला. आपल्या दुकानांना लोखंडी जाळीचे सरकते दार असते ना, त्यातील तिरप्या पट्ट्या जशा पसरतात आणि मिटतात, तशाच पट्ट्यांचा हा हात. मुठी जवळ आणल्या की तो पुढे झेपावतो आणि टोकाच्या चिमट्याने वस्तू पकडतो. कंपनीचे अध्यक्ष हिरोशी यामाउची यांनी हा उद्योग पाहिला. कामाच्या वेळी खेळणारा नोकर सापडला म्हटल्यावर काय व्हावयाचे ते आपण जाणतोच. यामाउचींनी मात्र त्यांना तो हात विक्रीसाठी तयार करावयास सांगितले. १९६६ मध्ये अल्ट्रा हँड या नावाने तो बाजारात आला आणि दहा लाखांहून अधिक खपला. यंत्रांची देखभाल करणारा माणूस खेळणी घडविणारा झाला तो असा.

योकोईंच्या विचाराची एक बैठक होती आणि ती त्यांनी आयुष्यभर सोडली नाही. नव्यात नव्या तंत्रामागे धावू नये, असे ते मानीत. जे तंत्र जुने झाले, स्वस्त झाले, ज्याचे सगळे गुणदोष सर्वांना माहीत झाले, ते घ्यावे आणि पूर्वी कोणी नेले नाही अशा आडवाटेने न्यावे. आपल्या शहरात हा विचार समजायला फार लांब जावे लागत नाही. पाणचक्कीपाशी उभे राहावे. मातीच्या नळांतून आणलेले पाणी उंचावरून पाडणे आणि दगडाचे जाते फिरविणे, यात त्या काळीही नवे काही नव्हते. दोन्ही एकत्र आणण्यात सगळी हुशारी होती.

या विचाराचे पहिले मोठे फळ १९८० मध्ये आले. आगगाडीच्या प्रवासात एक गृहस्थ वेळ जावा म्हणून खिशातल्या कॅल्क्युलेटरची बटणे उगाचच दाबत बसलेला योकोईंनी पाहिला. कॅल्क्युलेटर बनविणाऱ्या कंपन्यांच्या चढाओढीत त्यांचे काचेचे पडदे तेव्हा अतिशय स्वस्त झाले होते. तोच पडदा घेऊन तळहाताएवढा खेळ करावा, त्यातच घड्याळही बसवावे, अशी कल्पना त्यांना सुचली. हा गेम अँड वॉच. या मालिकेतील खेळ पुढील अकरा वर्षांत जगभर चार कोटींहून अधिक विकले गेले.

आता अधिकच्या चिन्हाकडे येऊ. १९८१ मध्ये डाँकी काँग हा खेळ आर्केडमध्ये, म्हणजे नाणे टाकून खेळावयाच्या उभ्या यंत्रांवर आला. शिगेरू मियामोतो या तरुणाने तो रचला होता आणि देखरेख योकोईंची होती. पुढच्या वर्षी तो गेम अँड वॉचमध्ये आणावयाचा ठरला. आर्केडच्या यंत्रावर माणूस हलवायला उभी दांडी असते. येथे अडचण अशी, की हे खेळणे डबीसारखे मिटणारे होते आणि खिशात जावयाचे होते. दांडी ठेवली तर डबी मिटणार नाही. मिटलीच तर दांडी मोडेल. चार दिशांना चार सुटी बटणे ठेवावीत, तर खालचे कोणते आणि वरचे कोणते हे पाहण्यासाठी दर वेळी पडद्यावरून नजर काढावी लागेल.

योकोईंनी चार बटणांऐवजी अधिकच्या आकाराचा एकच तुकडा केला आणि तो मध्यावर असा टेकविला की चारही बाजूंना किंचित झुलावा. प्रत्येक हाताखाली एक विजेचा संपर्क. अंगठा मध्यभागी ठेवावा आणि नुसता कलवावा. उजवा हात खाली गेला की डावा आपोआप वर उठतो, त्यामुळे डावे आणि उजवे एकदम दाबले जाण्याची सोयच नाही. दोन शेजारच्या हातांच्या मधोमध दाबले की दोन्ही संपर्क जुळतात आणि तिरपी दिशा मिळते. डोळ्यांना खाली पाहावे लागत नाही. जे जे दांडीने होत होते ते बहुतेक सगळे एका बोटाएवढ्या जागेत आले. मला तर हे योकोईंचे सर्वांत मोठे काम वाटते, आणि ते एका डबीचे झाकण नीट लागावे म्हणून झाले, याचे नवल वाटते.

१५ जुलै १९८३ रोजी निन्टेन्डोचे घरगुती यंत्र फॅमिकॉम जपानात विक्रीस आले. ते मासायुकी उएमुरा यांच्या विभागाने बनविले होते. योकोईंच्या विभागाने नव्हे. पण रिमोटवर दांडीऐवजी हे चिन्ह घेतले गेले. फॅमिकॉमचे रिमोट यंत्रालाच कायमचे जोडलेले असत, काढता येत नसत. १९८५ च्या अमेरिकन आवृत्तीपासून ते सुटे झाले. अमेरिकेत १९८७ मध्ये निन्टेन्डोला या खटक्याच्या रचनेचे पेटंट मिळाले, आणि त्या कागदावर संशोधक म्हणून नाव आहे इचिरो शिराई यांचे. कारखान्यात कल्पना एकाची, रेखाटन दुसऱ्याचे आणि हक्क मालकाचा, हे चालत आलेले आहे.

मग आपल्या घरी आलेले चिन्ह कुठले? ते फॅमिकॉमच्या नकलांवरचे. त्या नकला १९९० च्या दशकात भारतभर निरनिराळ्या नावांनी विकल्या गेल्या आणि त्यानंतरही बराच काळ मिळत राहिल्या. मूळ यंत्र आपल्याकडे फार थोड्यांनी पाहिले. नक्कल ही चोरी, हे मला मान्य आहे. पण मराठवाड्यातल्या मध्यमवर्गीय घरापर्यंत योकोईंचे काम दुसऱ्या कोणत्या वाटेने पोचले असते, याचे उत्तर मला सापडलेले नाही.

या चिन्हाची खरी परीक्षा मारामारीच्या गेममध्ये झाली. योकोईंनी ते गेम केले नाहीत. १९९१ मध्ये कॅपकॉम कंपनीचा स्ट्रीट फायटर २ आर्केडमध्ये आला. त्याला आठ दिशांची दांडी आणि सहा बटणे लागत. रयू नावाच्या लढवय्याने अग्निगोळा फेकावा असे वाटत असेल तर दांडी खाली, मग तिरपी, मग पुढे अशी पाव वर्तुळात फिरवून लगेच ठोशाचे बटण दाबावे लागे. क्षणाचा उशीर झाला की गोळा नाही, नुसताच ठोसा. १९९२ मध्ये हा गेम सुपर फॅमिकॉमवर आला आणि लाखो मुलांनी हे पाव वर्तुळ दांडीऐवजी अंगठ्याने काढले. अंगठ्याला फोड येत. पण गोळा सुटे.

येथून पुढे रिमोटांचे भांडण सुरू होते. सेगाच्या मेगा ड्राइव्हला तीनच लढाऊ बटणे होती, म्हणून १९९३ मध्ये त्यांना सहा बटणांचा नवा रिमोट काढावा लागला. सोनीने १९९४ च्या प्लेस्टेशनवर अधिकचे चिन्ह मधोमध झाकून त्याचे चार सुटे तुकडे वर दिसतील अशी मांडणी केली. एका घरी शिकलेला अंगठा दुसऱ्याच्या घरी चाचपडू लागला. पिन जुळणे आणि हात जुळणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि मारामारीच्या गेममध्ये दुसरी अधिक महत्त्वाची, हे खेळणारा प्रत्येक जण जाणतो. म्हणून असे खेळाडू आपली दांडी किंवा आपला रिमोट बरोबर घेऊन हिंडतात, जसा तबलजी स्वतःचा तबला नेतो.

नव्या यंत्रांवर पिनेचा प्रश्न सुटला, आता वायर सगळीकडे सारखी आहे. पण दाराशी पहारेकरी बसला. २०२० मध्ये प्लेस्टेशन ५ आले. त्यावर आधीचा प्लेस्टेशन ४ चा रिमोट जोडता येतो, मात्र त्याने खेळायचे ते जुनेच गेम. परवाना असलेल्या आर्केडच्या दांड्यांना सवलत मिळाली. २०२३ च्या स्ट्रीट फायटर ६ ने जुन्या दांड्यांना आत घेतले. त्याच वर्षी नोव्हेंबरात मायक्रोसॉफ्टने, आधी सूचना देऊन, आपल्या एक्सबॉक्सवर परवाना नसलेली जोडसाधने बंद केली. लढतीचे गेम खेळणाऱ्यांत त्यावर मोठी नाराजी उसळली, कारण हातबनावटीच्या दांड्या आणि जोड देणाऱ्या छोट्या पेट्या वापरणारे त्यांच्यातच अधिक. कंपन्या फसवेगिरीचे कारण देतात आणि ते अगदीच खोटे नाही. तरीही एखाद्याने दहा वर्षे मनगटात मुरविलेली सवय एका सूचनेने निकामी व्हावी, हे मला पटत नाही. यंत्र कंपनीचे असेल, मनगट तर खेळणाऱ्याचे आहे.

गंमत अशी, की या नव्या वादांत योकोईंच्या त्या झुलत्या तुकड्याचे एक जुने शहाणपण पुन्हा वर आले. अलीकडे दांडी नसलेल्या, नुसत्या बटणांच्या पाट्या निघाल्या आहेत. त्यांवर दोन बोटांनी डावे आणि उजवे एकदम दाबता येते. मग यंत्राने काय समजावे? काही पाट्या शेवटी दाबलेल्या बटणाला मान देत आणि त्यातून खेळाडूला अनुचित फायदा मिळे. कॅपकॉमच्या स्पर्धांत २०२३ मध्ये नियम करावा लागला, की दोन विरुद्ध दिशांपैकी एकीची सरशी होता कामा नये. १९८२ मध्ये जे काम प्लास्टिकच्या एका टेकूने केले होते, त्यासाठी आता नियमपुस्तक लागते.

योकोईंच्या आयुष्यातील पुढची मोठी गोष्ट म्हणजे १९८९ चा गेम बॉय. पडदा हिरवट, रंग नाही, चार साधे सेल. प्रतिस्पर्ध्यांनी रंगीत पडदे आणले, पण ती यंत्रे सेल भराभर संपवीत आणि महाग पडत. गेम बॉय व त्याची रंगीत आवृत्ती मिळून अकरा कोटींहून अधिक विकली गेली. जुन्या, स्वस्त तंत्रावरचा त्यांचा विश्वास असा सिद्ध झाला. आणि मग तोच माणूस व्हर्च्युअल बॉयला हात घालून बसला. डोळ्यांना लावून पाहावयाचे, लाल-काळ्या चित्रांचे हे यंत्र जुलै १९९५ मध्ये आले आणि वर्षभरातच बाजारातून गेले. त्याच्या रिमोटवर अधिकची चिन्हे दोन होती, डाव्या अंगठ्यास एक आणि उजव्यास एक. दोन असून उपयोग झाला नाही. पाहणाऱ्यांची डोकी दुखत.

ऑगस्ट १९९६ मध्ये, एकतीस वर्षांच्या नोकरीनंतर, योकोईंनी निन्टेन्डो सोडली. त्या अपयशामुळे ते गेले असे पुष्कळांनी म्हटले. मात्र जाण्यापूर्वी त्यांनी गेम बॉयची लहान आवृत्ती पुरी करून दिली होती, हेही ध्यानात घ्यावे. क्योतोतच त्यांनी कोतो नावाची स्वतःची छोटी कंपनी काढली आणि बांदाई कंपनीसाठी एका नव्या हातातल्या यंत्राच्या कामात ते गुंतले.

४ ऑक्टोबर १९९७ रोजी इशिकावा प्रांतातील द्रुतगती मार्गावर त्यांच्या मोटारीचा पुढच्या वाहनाशी किरकोळ अपघात झाला. काय झाले ते पाहण्यासाठी ते खाली उतरले आणि मागून आलेल्या दुसऱ्या गाडीची त्यांना धडक बसली. वय ५६.

अपुरे राहिलेले यंत्र इतरांनी पुरे केले. मार्च १९९९ मध्ये ते वंडरस्वान या नावाने निघाले. रंग नाही, आणि एका साध्या सेलवर चालणारे. त्याच्याबरोबर आलेल्या एका कोड्याच्या गेमला योकोईंच्या नावावरून गन्पे हे नाव दिले होते. यंत्र आडवे धरून खेळता यावे, उभे धरूनही यावे, म्हणून त्यावर दिशांसाठी बटणांचे दोन संच बसविले होते, एकेका संचात चार-चार सुटी गोल बटणे. अधिकचे चिन्ह त्यावर नव्हते.