तुकोबारायांची पारख

वारकरी मंडळी, यवतचा मुक्काम हलवून पालखी वरवंडला येते, पुढे पाटस मागे टाकून रोटीचा घाट चढते. दौंडच्या या वाटेने आपण काय बघतो? ऊस, ओढा, काठचे लव्हाळे, पायाखालची मुंगी. तुकोबारायांनीही जन्मभर हेच बघितले. पण त्यांची पारख निराळी!

देहूला त्यांच्या घरी महाजनकी, शेती आणि वाण्याचे दुकान. दाणा तळहातावर घेतला की वाण ओळखायचा, ही लहानपणापासूनची सवय. पुढे इ. स. १६३० च्या सुमारास मोठा दुष्काळ पडला. दुकान बुडाले. पहिली पत्नी रखमाबाई अन्नान्न करीत गेली, मुलगा संतूही गेला. अशा घावाने माणूस देवावर रुसतो, नाहीतर दगड होतो. तुकोबा भंडाऱ्याच्या डोंगरावर जाऊन बसले, पण डोळे उघडे ठेवून.

काय दिसले त्यांना? महापुरात ताठ झाड मुळासकट जाते. लवणारे लव्हाळे पाणी ओसरताच पुन्हा उभे राहते. मुंगीच्या वाट्याला साखर येते, बलाढ्य हत्तीच्या माथी अंकुश बसतो. पूर निराळा, मुंगी निराळी. नियम मात्र एकच. जो लहान होतो तो तरतो.

नदीकाठी नियम दिसणे सोपे, तो घराला लावणे कठीण. तुकोबांनी तो लावला. कर्जखतांतली निम्मी धाकट्या कान्होबाला दिली, आपल्या वाट्याची इंद्रायणीत सोडून दिली. सावकारीचा ताठा पाण्याबरोबर गेला!

उसाची गोष्ट आपल्याकडे घरोघर सांगतात. मिळालेली मोळी त्यांनी वाटेत पोरांना वाटली, घरी एकच ऊस आणला. जिजाईने रागाने तो पाठीत घातला, त्याचे दोन तुकडे झाले. महाराज हसले, दोघांची वाटणी आपोआप झाली म्हणाले. लव्हाळे लवले ते असे.

ही पारख देहूतच राहिली नाही. निळोबाराय मूळचे शिरूरचे. तुकोबा वैकुंठाला गेल्यानंतरचे ते शिष्य, तरी संप्रदायाने त्यांना तुकोबांचेच मानले. त्यांची समाधी पिंपळनेरला आहे. इ. स. १६८५ पासून तुकोबांचे पुत्र नारायणमहाराज यांनी पालखी सुरू केली, ती आजही दौंडातून जाते.

त्या वाटेवर लहानथोर एकमेकांच्या पाया पडतात. ओढ्याकाठचे लव्हाळे दिसले की जरा बघा, तेही तसेच वाकलेले असते. रामकृष्णहरी!