दिने लोकांचा नायक मॅन्युएलितो

वाचकहो, अमेरिकेच्या नैऋत्य भागात नवाहो नावाचे लोक राहतात. हे नाव त्यांना परक्यांनी दिले. ते स्वतःला दिने म्हणवतात. त्यांच्या भाषेत त्याचा अर्थ माणसे असा आहे. त्यांचे भाषाबंधू उत्तरेस हजारो मैलांवर, कॅनडात आणि अलास्कात आहेत. ते स्वतःला डेने म्हणवतात. पूर्वी केव्हातरी यांचे पूर्वज उत्तरेकडून दक्षिणेस आले, पण भाषेतले नाते तुटले नाही. या दिने लोकांच्या एका थोर पुढाऱ्याचे चरित्र आज आम्ही सांगणार आहोत.

मॅन्युएलितोचा जन्म १८१८ च्या सुमारास आजच्या युटा राज्याच्या दक्षिण भागात झाला. दिने लोकांत कूळ आईकडून चालते. तो बितआहनी कुळातला होता. लग्नानंतर तो सासरे नार्बोना यांच्याजवळ राहिला. नार्बोना हे वयोवृद्ध, शांतताप्रिय नायक होते. मॅन्युएलितो हे स्पॅनिश नाव असून त्याचा अर्थ छोटा मॅन्युएल. प्रत्यक्षात मात्र तो चांगला उंचापुरा, धिप्पाड गडी होता.

१८४६ साली अमेरिकन सैन्य त्या मुलखात आले. १८४९ साली तहाची बोलणी आटोपल्यावर एका घोड्यावरून तंटा झाला, सैनिकांनी गोळ्या झाडल्या आणि त्यात नार्बोना ठार झाले. तह करायला गेलेला वडीलधारा माणूस असा मारला गेलेला पाहून जावयाच्या मनातला विश्वास उडाला. पुढे गुरांच्या चराऊ कुरणांवरून भांडणे वाढली. ३० एप्रिल १८६० रोजी मॅन्युएलितो आणि बार्बोन्सितो यांनी सुमारे एक हजार माणसांनिशी फोर्ट डिफायन्स या लष्करी ठाण्यावर हल्ला चढविला. ठाणे हाती आले नाही, परंतु दिने लोकांचे बळ सरकारला कळून चुकले.

१८६३ साली किट कार्सन याची मोहीम सुरू झाली. त्याने माणसांपेक्षा अन्नावरच घाव घातला. मक्याची शेते जाळली, मेंढरे मारली, आणि पुढच्या वर्षी कॅन्यन द शे या दरीतल्या पीच फळांच्या बागाही सैन्याने तोडल्या. उपासमारीने लोक शरण आले. १८६४ पासून आठ हजारांवर बायामाणसांना तीनशेहून अधिक मैल चालवत न्यू मेक्सिकोतील पेकोस नदीकाठी बोस्क रेदोन्दो येथे नेले. म्हातारी माणसे आणि गरोदर बाया वाटेतच पडल्या. दिने लोक याला लांब चाल म्हणतात. मॅन्युएलितो मात्र डोंगरदऱ्यांत लपून राहिला. जवळची माणसे उपाशी मरू लागली तेव्हा, सप्टेंबर १८६६ मध्ये, तोही शरण आला.

बोस्क रेदोन्दोचे पाणी खारट होते, पिके किडीने खाल्ली, सरपण मिळेना. शेकडो लोक रोगराईने मेले. अखेर सरकारलाही तो खर्च परवडेना. १ जून १८६८ रोजी जनरल शर्मन यांच्याशी तह झाला. बार्बोन्सितो मुख्य बोलणारा होता. मॅन्युएलितोने फुलीची निशाणी केली. दिने लोकांना जुन्या भूमीचा काही भाग परत मिळाला आणि पंधरा हजार मेंढ्या-बकऱ्या देण्याचे कबूल झाले. त्या काळी हद्दपार केलेल्यांना आपल्या गावी परतता येणे ही दुर्मीळ गोष्ट होती.

आम्हा शिक्षकांचे लक्ष वेधून घेईल असे एक कलम त्या तहात होते. सहा ते सोळा वर्षांच्या मुलांना शाळेत घालावे आणि तीस मुलांमागे एक शिक्षक द्यावा, असे ते कलम. शिक्षक पुष्कळ वर्षे पुरेसे आले नाहीत. तरीही मॅन्युएलितोने शिक्षणाचा पक्ष धरला. १८७४ साली तो पत्नी हुआनितासह वॉशिंग्टनला गेला आणि राष्ट्राध्यक्ष ग्रँट यांच्यापुढे गाऱ्हाणी मांडून आला. गोऱ्यांची विद्या ही वर चढण्याची शिडी आहे, असे तो आपल्या लोकांना सांगे, अशी आठवण दिने लोक अजून जपतात.

तो नुसते सांगून थांबला नाही. १८८० नंतरच्या वर्षांत त्याने आपले दोन मुलगे दूर पेन्सिल्व्हेनियातील कार्लाइलच्या निवासी शाळेत पाठविले. तिथे मुलांचे केस कापत आणि मातृभाषा बोलू देत नसत. दोन्ही मुलगे आजाराने दगावले. दुःखाने वेड्या झालेल्या बापाने दिने मुले घरी परत पाठवा, अशी मागणी केली. त्याची शेवटची वर्षे सुखाची गेली नाहीत, दारूही जडली. १८९३ साली तो वारला.

मग त्याचे चुकले काय? आम्ही स्वतःला हा प्रश्न अनेकदा विचारला. आम्हाला वाटते, शिडी खोटी नव्हती. ती चढण्यासाठी मुलांकडून त्यांची भाषा आणि घर काढून घेण्याची अट खोटी होती. जिच्यासाठी शाळेत शिक्षा होई, त्याच भाषेत १९४२ साली एकोणतीस दिने जवानांनी अमेरिकेच्या नौदल सैनिकांसाठी गुप्त संकेत रचले, आणि शत्रूला ते उलगडले नाहीत. १९६८ साली दिने लोकांनी स्वतःचे महाविद्यालय काढले. तिथे त्यांची भाषा व इतिहास शिकवितात. मॅन्युएलितोच्या नावाची शिष्यवृत्तीही आज हुशार दिने विद्यार्थ्यांना मिळते.

त्याच शतकात आपले पूर्वज कोकणातून जहाजाने या बेटावर आले. त्यांची वाट आणि दिने लोकांची वाट एक नव्हती, हे आम्ही जाणतो. पण आपली मुलेही शाळेत इंग्रजी-फ्रेंच शिकतात, अंगणात क्रिओल बोलतात, आणि आजीची मराठी मागे पडते. मुलांना शिडी जरूर चढू द्यावी. घरी आल्यावर मात्र त्यांच्याशी मराठीत बोलावे. त्यासाठी कोणाच्या तहाची गरज नाही.